रंगांची पत्रपेटी : नजर कुठे लागलीय?

गेल्या अंकात एका पत्राला उत्तर देताना मी उत्तर आयर्लंडमधल्या बेलफास्टच्या चित्रकार कॉलिन डेव्हिडसनचं नाव ओझरतं घेतलं होतं. ‘चेहऱ्याचं चित्र म्हणजे काय, हे मला त्याच्या अठरा चित्रांपुढे उभं राहून कळलं’ एवढं लिहून मी पुढे गेले. तुम्ही मात्र तिथेच थांबलात. आलेल्या पत्रांपैकी बहुतेक सगळी त्याच्याबद्दलच आहेत, तेव्हा या वेळी तोच विषय. मी एकोणीस वर्षं बेलफास्टमध्ये राहते, चेहरे रंगवते आणि मंगळवारी संध्याकाळी मोठ्या माणसांना चेहरा काढायला शिकवते. डेव्हिडसनशी माझी ओळख नाही. त्याच्या चित्रांसमोर मी पुष्कळ वेळ काढला आहे, त्या बळावर लिहिते.

प्रश्न : ताई, हा चित्रकार पहिल्यापासून चेहरेच काढतो का? मी तेवीस वर्षांची आहे. दोन वर्षं जाहिरातींचं डिझाइन करतेय. चित्रं काढायची होती, पण आता गाडी सुटली असं वाटतं.

उत्तर : तू नेमक्या माणसाबद्दल विचारलंस. डेव्हिडसनचा जन्म १९६८ चा, बेलफास्टचा. तो शिकला डिझाइनच. १९९१ मध्ये अल्स्टर विद्यापीठातून बाहेर पडला आणि पुढची काही वर्षं त्याने ग्राफिक डिझाइनवर पोट भरलं. पूर्णवेळ चित्रकार झाला तो १९९९ मध्ये, तिशीच्या उंबरठ्यावर. आणि तेव्हाही चेहरे नव्हते. आधी त्याने आपलं शहर रंगवलं. मग काही वर्षं काचा रंगवल्या. होय, काचा. दुकानांच्या, कॅफेंच्या खिडक्या आणि त्यांत पडलेली शहरांची प्रतिबिंबं.

या काचांवर मी जरा थांबते, कारण पुढच्या सगळ्याचं मूळ मला तिथे दिसतं. बेलफास्टच्या डोनेगॉल प्लेसवर, पाऊस नुकताच थांबलेला असताना, एखाद्या दुकानाच्या काचेसमोर उभं राहिलं की एकाच वेळी तीन गोष्टी दिसतात. आत मांडलेले कोट, पाठीमागून जाणारी गुलाबी बस, आणि त्या दोन्हींवर तरंगणारा सिटी हॉलचा हिरवा घुमट. डोळा एकावर नेला की बाकीच्या दोन पुसट होतात. काच स्वतः कुठेच दिसत नाही, तरी सगळं तिच्यामुळेच दिसतं. हे रंगवायचं तर आतलं किती, बाहेरचं किती, हे बोटभर जागेत ठरवावं लागतं. माणसाच्या चेहऱ्याचंही तसंच असतं असं मला वाटतं. तो आतलं दाखवतो आणि समोरचंही परत फेकतो. काही वर्षं काचा रंगवणारा माणूस चेहऱ्याचीच तयारी करत होता, हे आज मागे वळून बघताना कळतं. तेव्हा त्याला तरी ठाऊक होतं की नाही कोण जाणे.

मोठे चेहरे आले ते २०१० च्या सुमारास, चाळिशी ओलांडल्यावर. पहिला बसला ड्यूक स्पेशल या नावाने गाणारा बेलफास्टचाच संगीतकार. मग ओळीने लोक बसत गेले : कवी शेमस हीनी, नाटककार ब्रायन फ्रील, कवी मायकल लाँगली. २०१२ मध्ये डब्लिनचा गायक ग्लेन हॅन्सार्ड याचं त्याने केलेलं चित्र लंडनच्या नॅशनल पोर्ट्रेट गॅलरीत, बीपी पोर्ट्रेट अवॉर्डच्या प्रदर्शनात लागलं होतं. तिथे परीक्षकांच्या बक्षिसांशिवाय बघायला येणाऱ्यांच्या मतांवरही एक मान मिळे. तो त्या वर्षी त्याला मिळाला.

तू डिझाइन करतेस ते फुकट जाणार नाही. चौकटीत डोकं कुठे बसवायचं, कोणती बाजू रिकामी सोडायची, काठ कुठे कापायचा, हे डिझाइनवाल्याच्या हातात आपोआप येतं. माझ्या वर्गात येणारे नवखे डोकं कागदाच्या मधोमध, नाण्यावर असतं तसं काढतात. तू तसं काढणार नाहीस. फक्त नोकरीनंतर उरलेल्या वेळात रोज एक हात किंवा एक कान काढ. चेहरा नंतर.

प्रश्न : त्याची चित्रं मी इंटरनेटवर शोधून पाहिली. एकही माणूस आपल्याकडे बघत नाही! सगळे कुठेतरी दुसरीकडे. हे मुद्दाम आहे का? मला जरा तुटक वाटलं.

उत्तर : मुद्दामच आहे, आणि तुम्हाला ते खटकलं हे चांगलं झालं. याचं उत्तर द्यायला मला माझीच एक चूक सांगावी लागेल.

बारा वर्षांपूर्वी मी एका निवृत्त वेल्डरचं चित्र करत होते. उभं आयुष्य गोदीत गेलेलं. त्यांच्या लेकीने चित्र सांगितलं होतं. ते आले इस्त्रीचा शर्ट घालून, गळ्यापर्यंत बटण लावून, आणि खुर्चीत असे ताठ बसले की जणू कोणी हजेरी घेतंय. डोळे थेट माझ्यावर. मी दोन बैठकांत चित्र पुरं केलं. नाक बरोबर, भुवईवरची जुन्या भाजल्याची खूण बरोबर, सगळं बरोबर. लेकीने बघितलं, बराच वेळ बघितलं आणि म्हणाली, “हे बाबाच आहेत. पण फोटो काढायला बसलेले बाबा.”

ते वाक्य मी विसरले नाही. कारण दुसऱ्या बैठकीत मी चहाची किटली ठेवली होती तेव्हा ते खिडकीतून गोदीच्या दोन पिवळ्या क्रेनकडे बघत राहिले होते. खांदे खाली आले होते. खालचा ओठ थोडा सुटला होता. मी तेव्हा पाठ करून रंग कालवत होते! चित्र तिथे होतं आणि मी रंग कालवत होते. मी त्यांना पुन्हा बोलावलं, क्रेन दिसतील अशी खुर्ची ठेवली आणि गोदीबद्दल विचारत राहिले. ते चित्र आज लेकीच्या जिन्यात आहे.

डेव्हिडसन नेमक्या त्या क्षणाच्या मागे असतो. समोर बसलेल्याला तो पोझ देऊ देत नाही. गप्पा चालू राहतात, तो स्केच करत राहतो, फोटो घेतो, आणि माणूस आपण कुणासमोर बसलोय हे विसरून स्वतःत हरवला की तिथे त्याचं चित्र असतं. आपल्याकडे रोखून बघणारा चेहरा आपल्याशी काहीतरी व्यवहार करतो : ओळख देतो, रुबाब दाखवतो, मन राखतो. दुसरीकडे बघणाऱ्याला आपण निवांत बघू शकतो. आईला भाजी निवडताना बघावं तसं. तुम्ही त्याला तुटक म्हणालात, मला ते जवळ वाटतं. आपण त्या खोलीत आहोत आणि त्याला आपली अडचण वाटत नाही, इतकं जवळ.

आणि एक : पडद्यावर ही चित्रं अर्धीच दिसतात. मूळ कॅनव्हास साधारण सव्वा मीटर उंच, म्हणजे डोकं खऱ्या डोक्याच्या कितीतरी पट. जवळ गेलात की चेहरा मोडतो. कपाळावर रंगाचे थर, सुरीने ओढलेले आणि पुन्हा खरवडलेले. गालावर राखाडी, मातकट, मध्येच एखादा निळा फराटा, ज्याचं तिथे काय काम असं वाटावं. केस आणि कपडे तर नुसते फटकारे. डोळ्यापाशी मात्र हात एकदम शांत होतो. पापणीची ओली कड, बुबुळावरचा उजेडाचा ठिपका, हे इतकं नीट केलेलं असतं की आजूबाजूच्या त्या खडबडीत रंगात ते डोळे खरोखर ओलसर वाटतात. चार पावलं मागे या. निळा फराटा गालाची सावली होतो. मी हे मागे-पुढे चालणं इतक्या वेळा केलं आहे की एकदा तिथल्या पहारेकरी बाईंनी मला काही हरवलंय का विचारलं होतं.

प्रश्न : मी चाळीस वर्षं शाळेत चित्रकला शिकवली. फोटो समोर ठेवून काढलेलं पोर्ट्रेट मी कधी चित्र मानलं नाही. आपण सांगता हा गृहस्थ फोटोही वापरतो. मग आपलं मत काय?

उत्तर : सर, आपला मुद्दा मला मान्य आहे आणि त्याला आयर्लंडमध्येच एक खंदा साथीदार आहे. निक मिलर हा चित्रकार लंडनमध्ये जन्मला, पण काम आणि घर आयर्लंडच्या पश्चिमेला, स्लायगो परगण्यात. माणूस समोर असल्याशिवाय तो रंगवत नाही. निसर्गचित्रांसाठी त्याने एका जुन्या ट्रकचा स्टुडिओ करून घेतला होता. ट्रक शेताच्या कडेला लावायचा, दार उघडायचं आणि समोर जे आहे ते काढायचं. डब्लिनच्या नॅशनल गॅलरी ऑफ आयर्लंडने २०१४ मध्ये पोर्ट्रेटची स्पर्धा सुरू केली, तिचा पहिला विजेता तोच. चित्र होतं चित्रकार बॅरी कुक यांचं, आणि त्याचं नावच ‘शेवटची बैठक’ या अर्थाचं. कुक त्याच वर्षी गेले. समोरचा माणूस संपत चाललाय आणि आपण रंग लावतोय, ती घाई आणि ते प्रेम फोटोवरून येणार नाही. इथे मी आपल्या बाजूची आहे.

पण डेव्हिडसन फोटो उतरवून काढत नाही. आधी भेट होते, बोलणं होतं, हाताने स्केचेस होतात. चित्र स्टुडिओत, माणूस समोर नसताना उभं राहतं. म्हणजे फोटो त्याला नाकाची लांबी सांगतो. माणूस कसा गप्प झाला होता, हे त्याला आठवणीतूनच आणावं लागतं. माझ्या वर्गात मी फोटो आणायला देते, एका अटीवर. ज्याचा फोटो, त्याच्यासोबत आधी तासभर बसून या आणि तो तास लिहून काढा. मग फोटो उलटा ठेवायचा आणि अडलं तरच सरळ करायचा. आपण हे एकदा आपल्या जुन्या विद्यार्थ्यांकडून करून घ्याल का? काय झालं ते मला जरूर कळवा.

प्रश्न : माझा मुलगा चित्रकलेसाठी आयर्लंडला जायचं म्हणतो. तिकडे व्यक्तिचित्रकाराचं पोट भरतं का, हे सरळ सांगा. मी नोकरदार माणूस आहे.

उत्तर : सरळच सांगते. चित्रं विकून सुखाने जगणारे मूठभर. बाकीचे, माझ्यासारखे, शिकवून आणि मिळतील ती कामं घेऊन चालवतात. पण तिथे काही व्यवस्था आहेत, आणि बेटावर दोन राज्यकारभार आहेत हे त्याला आधी समजलं पाहिजे.

दक्षिणेत, म्हणजे आयर्लंड प्रजासत्ताकात, १९६९ पासून कलावंतांना कराची सवलत आहे. मूळ, सर्जनशील कामातून आलेल्या वर्षाला ५०,००० युरोंपर्यंतच्या मिळकतीवर तिथे आयकर लागत नाही. १९८१ पासून ‘आस्दाना’ ही कलावंतांची सभा आहे. सभासद जास्तीत जास्त २५०, आणि त्यांतल्या ज्यांची मिळकत कमी त्यांना पूर्णवेळ काम करता यावं म्हणून मानधन मिळतं. २०२२ मध्ये सरकारने २,००० कलावंतांना आठवड्याला ३२५ युरो देण्याचा प्रयोग सुरू केला. निवड गुणवत्तेवर नव्हती, पात्र अर्जांतून चिठ्ठ्या टाकल्यासारखी केली होती. उत्तरेत, म्हणजे ब्रिटनच्या राज्यात मोडणाऱ्या बेलफास्टमध्ये, चलन पौंड आणि करांचे नियम ब्रिटनचे, त्यामुळे ती सवलत तिथे नाही. गाडीने दोन-अडीच तासांवरची दोन शहरं, पण एकाच चित्राचा हिशेब दोन्हीकडे वेगळा.

नवख्याला दार उघडतं ते वार्षिक प्रदर्शनांतून. डब्लिनची रॉयल हायबर्नियन अकॅडमी १८२३ ची. तिच्या वार्षिक प्रदर्शनाला कुणीही चित्र पाठवू शकतो. बेलफास्टच्या रॉयल अल्स्टर अकॅडमीचं मूळ १८७९ च्या एका हौशी स्केचिंग क्लबात आहे, आणि तिचं वार्षिक प्रदर्शन अल्स्टर म्युझियममध्ये भरतं. डेव्हिडसन काही वर्षं या अकॅडमीचा अध्यक्ष होता. पाठवलेल्या चित्रांतली बहुतेक परत येतात. माझी सलग चार वर्षं आली. पाचव्या वर्षी एक लागलं, तेव्हा मी दुसऱ्या कुणाच्या नाही, स्वतःच्या पैशाने टॅक्सी करून बघायला गेले.

वर म्हटलेल्या नॅशनल गॅलरीच्या स्पर्धेचे प्रायोजक बदलत गेले. झुरिक कंपनीच्या नावाने चालली त्या काळात विजेत्याला १५,००० युरो मिळत आणि वर राष्ट्रीय संग्रहासाठी एक पोर्ट्रेट करण्याचं ५,००० युरोंचं काम. मुलाला पाठवायचंच असेल तर त्याच्या हातात आणखी एक कामही असू द्या. त्यात कमीपणा नाही. डेव्हिडसननेही तेच केलं.

प्रश्न : तो आयरिश की ब्रिटिश?

उत्तर : जन्म बेलफास्टचा, आणि तिथे या प्रश्नाचं उत्तर ज्याचं त्याने द्यायचं असतं. आयर्लंडला जोडायचं म्हणणारे (बहुतेक कॅथलिक) आणि ब्रिटनमध्येच राहायचं म्हणणारे (बहुतेक प्रोटेस्टंट) यांच्यातला हिंसाचार थांबवायला १९९८ मध्ये जो गुड फ्रायडे करार झाला, त्यात तसं लिहूनच ठेवलंय : उत्तर आयर्लंडच्या माणसाने स्वतःला आयरिश म्हणावं, ब्रिटिश म्हणावं किंवा दोन्ही. पुढचं उत्तर वाचलंत की हा करार त्याच्या चित्रांत कसा आला ते कळेल.

प्रश्न : त्याने रंगवलेल्यांची यादी वाचली. राणी एलिझाबेथ, अँगेला मर्केल, ब्रॅड पिट, एड शीरन. मोठी माणसं काढली की चित्रकार आपोआप मोठा होतो, असं म्हटलं तर राग येईल का? आणि ती अठरा चित्रं कोणाची?

उत्तर : राग येणार नाही. यादी खरीच आहे. मर्केलबाईंचं चित्र २०१५ च्या डिसेंबरात टाइम साप्ताहिकाच्या मुखपृष्ठावर आलं, वर्षातली व्यक्ती म्हणून. एड शीरनचं लंडनच्या नॅशनल पोर्ट्रेट गॅलरीच्या संग्रहात आहे. राणीचं चित्र ‘को-ऑपरेशन आयर्लंड’ या, दोन्ही बाजूंना जोडायचं काम करणाऱ्या संस्थेसाठी केलेलं. ती २०१६ च्या मे महिन्यात बकिंगहॅम पॅलेसमध्ये त्याच्यापुढे बसली, तेव्हा नव्वदीची होती. डोक्यावर मुकुट नाही. नजर बाजूला, इतर सगळ्यांसारखीच.

या चित्रामागे आणखी एक दिवस आहे. २७ जून २०१२. बेलफास्टच्या लिरिक थिएटरमध्ये राणी आणि मार्टिन मॅकगिनेस यांनी हात मिळवले. मॅकगिनेस एके काळी ब्रिटनविरुद्ध शस्त्र उचललेल्या आयआरए या संघटनेचे म्होरके, तेव्हा उत्तर आयर्लंडचे उपमुख्यमंत्री. राणीचा आप्त लॉर्ड माउंटबॅटन याला १९७९ मध्ये आयआरएनेच बॉम्बने मारलं होतं. त्या दिवशी थिएटरमध्ये भिंतींवर डेव्हिडसनने केलेले चेहरे लागले होते. मी तेव्हा थिएटरपासून दहा मिनिटांवर राहायची. रस्ते बंद, हेलिकॉप्टर डोक्यावर, आणि शेजारच्या आजीबाई दारात उभ्या राहून एकच म्हणत होत्या, “बघितलं बाई हेही.” चार वर्षांनी लंडनमध्ये राणीचं चित्र उघडलं तेव्हा मॅकगिनेस हजर होते.

तरी माझ्या मते तो मोठा ठरतो तो या यादीमुळे नव्हे. आता ती अठरा चित्रं.

उत्तर आयर्लंडमध्ये तीस वर्षं जो हिंसाचार चालला त्यात ३,५०० हून जास्त माणसं मेली. करार झाला, मे १९९८ च्या सार्वमतात ७१ टक्क्यांनी हो म्हटलं. करारात कैद्यांना सोडण्याची मुदत होती, शस्त्रांबद्दल कलमं होती, सरकार कसं चालेल ते होतं. ज्यांची माणसं गेली, ज्यांचे हातपाय गेले, त्यांच्या वाट्याला काय, यावर फारसं काही नव्हतं. डेव्हिडसनच्या मनात हे राहिलं. शांतता सगळ्यांना मिळाली, पण तिची किंमत या लोकांनी मोजली आणि मोजतच आहेत, असं त्याने अनेकदा बोलून दाखवलंय. त्या हिंसेत होरपळलेल्यांसोबत काम करणारं बेलफास्टचं वेव्ह ट्रॉमा सेंटर, त्यांच्या मदतीने त्याने अठरा माणसं शोधली. त्यांना भेटला, ऐकलं, स्केचेस केली. चित्रांची ही मालिका २०१५ च्या जूनमध्ये अल्स्टर म्युझियममध्ये लागली. नाव ‘सायलेंट टेस्टिमनी’, मूक साक्ष म्हणा. पुढे ती पॅरिस, डब्लिन, डेरी इथे गेली, २०१८ मध्ये न्यूयॉर्कला संयुक्त राष्ट्रांच्या मुख्यालयातही.

मी गेले तो आठवड्याच्या मधला दिवस, दुपारी. आत बोलण्याचा आवाज नव्हता. प्रत्येक चित्राशेजारी छोटी पाटी : नाव, आणि दोन-तीन वाक्यं. कोणाचा भाऊ, वहिनी आणि दोन पुतण्या एकाच स्फोटात गेल्या. कोणाची दृष्टी गेली. कोणाच्या माणसाचं काय झालं ते बराच काळ कळलंच नाही. तो माणूस कॅथलिक की प्रोटेस्टंट, हे पाटीवर नाही. बॉम्ब कोणाचा, हेही नाही. बेलफास्टमध्ये नाव ऐकलं की लोक मनात लगेच बाजू लावतात, मीही लावते, एकोणीस वर्षांत तेवढं शिकलेच. तिथे मी तीन-चार पाट्या वाचल्यावर बाजू लावायची सोडून दिली. कान कानासारखा, गळ्याची कातडी गळ्याच्या कातडीसारखी. आकार तोच, जो हीनीचा, जो पुढच्या वर्षी राणीचा. सव्वा मीटरचा कॅनव्हास, तेवढाच रंग, तेवढेच डोळे जपलेले.

दृष्टी गेलेल्या बाईंच्या चित्रापुढे मी सगळ्यात जास्त वेळ होते. बाकी सगळ्यांची नजर दुसरीकडे लागलेली, आणि इथे नजरच नाही. तरी चेहरा कुठेतरी लागलेला आहे, आत. मला माझा वेल्डर आठवला, क्रेनकडे बघणारा. माझ्या शेजारी एक म्हातारे गृहस्थ टोपी हातात धरून उभे होते. ते चित्राकडे बघत होते आणि त्यांचा खालचा ओठ तसाच सुटला होता. चित्रातली माणसं आणि चित्र बघणारी माणसं त्या खोलीत एकसारखी दिसत होती. मी वही काढली होती, ती परत पिशवीत ठेवली.

राणीला जेवढा कॅनव्हास दिला तेवढाच त्या बाईंना दिला. डेव्हिडसन मला मोठा वाटतो तो यासाठी. २०२१ मध्ये तो अल्स्टर विद्यापीठाचा कुलपती झाला, जिथे डिझाइन शिकला तिथेच. याचाही मला आनंद झाला, पण त्या खोलीपुढे ती बातमी लहान आहे.

प्रश्न : जूनमध्ये मुलीकडे डब्लिनला येतोय. पाच दिवस. चेहरे बघायला कुठे जाऊ?

उत्तर : डब्लिनमध्ये मेरियन स्क्वेअरची नॅशनल गॅलरी. प्रवेशाला पैसे नाहीत. घाईत सगळी दालनं करू नका, राष्ट्रीय पोर्ट्रेट संग्रहाची दालनं तेवढी करा. मग एक दिवस सकाळच्या एंटरप्राइज गाडीने बेलफास्ट. बोटॅनिक गार्डन्समधलं अल्स्टर म्युझियमही फुकट आहे, सोमवारी बंद. त्या दिवसांत काय लागलंय ते आधी त्यांच्या संकेतस्थळावर बघून घ्या. बागेतून बाहेर पडून स्ट्रॅनमिलिसच्या बाजूला चालत गेलात तर नदीकाठी लिरिक थिएटर लागेल, लाल विटांचं. आत कॅफे आहे, खिडकीशी बसा, लॅगन नदी दिसते. छोटी वही आणि एचबी पेन्सिल खिशात असू द्या. परतीच्या गाडीत समोर बसलेला कोणीतरी खिडकीबाहेर बघत असेलच.